नीरेच्या खोऱ्यांतील चोपण रानें आणि आपली तटस्थ वृत्ति

बारामतीहून इंदापुराकडे जाणारा रस्ता काटेवाडी सोडून भवानीनगरास पोंचतो तेव्हां दोहों बाजूंस उसाच्या उभ्या भिंती लागतात. मधून साखर कारखान्याचें धुराडें दिसतें, हंगामांत मळीचा वास येतो, आणि उसानें भरलेल्या गाड्यांची रांग रस्त्याच्या कडेस थांबलेली असते. ही हिरवळ पाहून नवख्या प्रवाशाची अशी समजूत व्हावी कीं, हा मुलूख पहिल्यापासूनच सुपीक असला पाहिजे. पण याच हिरवळींत अधूनमधून एखादा तुकडा असा लागतो कीं तेथें ऊस नाहीं, ज्वारी नाहीं, कांहींच नाहीं. जमिनीवर पापुद्र्यासारखा पांढरा थर आणि खालीं पाय रुतेल अशी चिकट ओल. अशा रानास या बाजूस चोपण म्हणतात. या चोपण रानांचा इतिहास आम्ही आज सांगणार आहों. तो केवळ शेतकी खात्याच्या दप्तरांत पडून राहावा एवढा क्षुल्लक आहे असें आम्हांस वाटत नाहीं. साऱ्या पृथ्वीची हवा तापत आहे हें ठाऊक असूनहि शहाणींसुरतीं माणसें हातावर हात ठेवून कां बसतात, या प्रश्नाचा उलगडा करावयास नीरेच्या खोऱ्याइतकी सोयीची जागा आमच्या पाहण्यांत दुसरी नाहीं.

येथला माणूस मुळांतच सोशिक व निष्क्रिय, असें कोणी म्हणेल तर इतिहास त्याच्या विरुद्ध साक्ष देईल. १८७५ च्या मे महिन्यांत सावकारांविरुद्ध जो दंगा दक्षिणेंत पेटला त्याची पहिली ठिणगी पडली ती सुप्यास. तें गांव तेव्हां भीमथडी तालुक्यांत मोडत असे, आज तें बारामती तालुक्यांत आहे. बाजारासाठीं जमलेल्या कुणब्यांनीं सावकारांच्या घरांवर चाल केली, कर्जाचीं खतें हिसकावून घेतलीं आणि तीं जाळलीं. त्या दिवशीं कोणी कोणाच्या तोंडाकडे पाहत उभा राहिला नाहीं. पण तेथें वैऱ्यास नांव होतें, घर होतें, आणि त्या घरांत आपल्या आंगठ्याचा कागद होता. पुढें जें संकट आलें त्यास यांपैकीं कांहींच नव्हतें.

दंग्यामागून लागलीच १८७६-७७ चा दुष्काळ आला. त्यानें सरकारला जो धडा दिला त्याचें फळ म्हणजे नीरा डावा कालवा. येळवंडी नदीवर भाटघर येथें धरण बांधून पाणी सांठवावयाचें, तें नदीवाटे वीरच्या बंधाऱ्यापर्यंत आणावयाचें, आणि तेथून सुमारें शंभर मैलांच्या पाटानें पुरंदर, बारामती व इंदापूर या कोरड्या पट्ट्यांत फिरवावयाचें, अशी ती योजना. ज्या मुलुखांत वर्षाचा पाऊस वीस इंचांच्या आसपास, आणि तोहि पडला तर पडला, तेथें हें पाणी म्हणजे घरीं चालून आलेली गंगाच. १८८५ च्या सुमारास पाटास पाणी लागलें. पण गंगा दारीं आली तरी स्नानास कोणी उतरेना! दक्षिणेंतील बहुतेक कालव्यांचा आरंभीचा अनुभव असाच आहे. पाऊस बरा झाला म्हणजे पाणीपट्टी भरून पाणी घेण्याची कोणास गरज वाटत नसे. शिवाय पाण्याबरोबर खत आलें, भांडवल आलें, नवें पीक आलें. हा सगळा जुगार पहिल्यानें कोणी खेळावा? शेजाऱ्यानें घ्यावें, त्याचें बरें झालें तर पुढच्या सालीं पाहूं, असा विचार प्रत्येक जण करी, आणि त्याचा शेजारीहि नेमका तोच विचार करीत बसलेला असे.

ही कोंडी फोडली ती १८९६-९७ व १८९९-१९०० या दोन दुष्काळांनीं. पाटाखालचें रान तेवढें हिरवें राहिलें हें साऱ्यांनीं डोळ्यांनीं पाहिलें. मग जी झुंबड उडाली ती अशी कीं पाणी पुरेना. त्यांतून ऊस आला, गुऱ्हाळें आलीं, बारामतीचा गूळ बाजारांत नांवाजला, आणि उसास भांडवल लागतें म्हणून सहकारी पतपेढ्या निघाल्या. १९११ सालीं मुंबईस स्थापन झालेल्या मध्यवर्ती सहकारी बँकेनें आपल्या आरंभीच्या काळांत जें लक्ष या नीराकांठच्या ऊसकऱ्यांकडे पुरविलें तें दुसऱ्या फारच थोड्या भागांस लाभलें असेल.

आणि याच भरभराटीच्या पोटांत चोपण वाढत होतें. तें कसें, हें थोडें विस्तारानें सांगितलें पाहिजे, कारण सर्व मर्म तेथेंच आहे. भारी काळी जमीन पाणी चटकन् खालीं सोडीत नाहीं. उसासारखें वर्ष-दीड वर्ष रानांत उभें राहणारें पीक घेऊन तीस पाळीमागून पाळी मोकाट पाणी दिलें, वर पाटाच्या गळतीची त्यांत भर पडली, म्हणजे पोटांतील पाण्याची पातळी हळूहळू चढूं लागते. वरच्या अंगाच्या रानांतलें पाणी खालच्या मुरमांतून वाट काढीत उतारानें जातें आणि सखल भागांत जमिनीच्या तोंडाशीं येऊन थांबतें. येतांना तें मातीतले क्षार विरघळवून आणतें. उन्हानें पाणी उडून जातें, क्षार मात्र मागें राहतात. पहिल्या वर्षीं पिकाचा शेंडा थोडा पिवळा पडतो, दुसऱ्या वर्षीं उगवण विरळ होते, आणि मग एका उन्हाळ्यांत तो पांढरा थर दिसूं लागतो. तोंवर हें रान कोणत्या वर्षीं, कोणत्या पाळीनें बिघडलें, हें सांगतां येत नाहीं. आणि सर्वांत ध्यानांत ठेवण्यासारखी गोष्ट ही कीं, पाणी पाजतो वरच्या रानाचा धनी आणि मीठ फुटतें खालच्याच्या रानांत.

पुण्याच्या शेतकी कॉलेजचे हॅरॉल्ड मॅन आणि त्यांचे सहकारी तम्हाणे यांनीं १९१० सालीं नीरेच्या खोऱ्यांतील खारवट जमिनींवर एक स्वतंत्र पुस्तिका प्रसिद्ध केली. म्हणजे पाणी येऊन पंचवीस वर्षें होतात न होतात तोंच रोगाचें निदान छापून तयार होतें. त्याच्याहि आधीं, शतकाच्या आरंभीं, त्या वेळीं मुंबई इलाख्याच्या नोकरींत असलेले विश्वेश्वरय्या यांनीं नीरा कालव्यासाठीं ब्लॉक पद्धति सुचविली होती. पाणी ठराविक तुकड्यांपुरतें बांधून द्यावें, तुकड्याच्या एका हिश्शांतच ऊस करावा, बाकीच्यांत हलकीं पिकें घ्यावीं, आणि उसाची जागा दरसाल फिरती ठेवावी, असा तिचा मथितार्थ. १९१६ सालीं सरकारनें पाटपाण्याच्या प्रश्नांसाठीं एक खास विभागच काढला. इंग्लिस या एंजिनिअराच्या देखरेखीखालीं तो नांवारूपास आला, आणि खडकवासल्याची आजची केंद्रीय जल व विद्युत संशोधन संस्था हा त्याच रोपाचा वाढलेला वृक्ष होय. निदान झालें होतें, औषधहि ठाऊक होतें. पाणी बेतानें द्या, निचऱ्याचे चर खणा. तरी चोपण हटलें नाहीं. १९२८ त भाटघरास नवें मोठें धरण पुरें झालें आणि पाणी वाढलें. पाण्याबरोबर ऊस वाढला, उसाबरोबर क्षार वाढले.

अज्ञान हें याचें कारण नव्हे. चोपण रान कशानें होतें हें नीराकांठच्या पोराटोरांसहि कळत होतें. लोभ होता, हें खरें. पण नुसत्या लोभानें सर्व गोष्टींचा उलगडा होत नाहीं, कारण ज्याचें स्वतःचेंच खालचें रान बिघडत होतें तोहि वरच्या रानांत पाट मोकाटच सोडीत होता. त्याची विचारसरणी अशी : "साऱ्या शिवारांत पाणी फिरतें आहे. माझ्या एकट्याच्या दोन पाळ्या कमी झाल्या तर पोटांतलें पाणी काय वीतभर उतरणार आहे? उतरलें तरी तें सगळ्यांचें उतरेल, आणि ऊस मात्र माझा एकट्याचा वाळेल." हा हिशेब चुकीचा नव्हता, हीच त्यांतली खरी अडचण. चराचीहि तीच गत. आपल्या रानांतून चर काढला तरी त्याचें तोंड शेजाऱ्याच्या रानांत निघतें, आणि शेजाऱ्यानें पुढें ओढ्यापर्यंत वाट दिली नाहीं तर आपलेंच पाणी आपल्या बांधाशीं तुंबतें. म्हणून जो तो शेजाऱ्याच्या चराची वाट पाहत राहिला.

या वृत्तीचें शास्त्रीय परीक्षण पुढें अमेरिकेंत झालें. १९६४ सालीं न्यूयॉर्क शहरांत किटी जेनोव्हीझ नांवाच्या तरुणीचा रात्रीं तिच्या घराजवळ खून झाला. अडतीस शेजारी खिडक्यांतून पाहत होते आणि एकहि मदतीस गेला नाहीं, असें वर्तमानपत्रांनीं छापलें. तो आंकडा अतिशयोक्त होता हें मागाहून उघडकीस आलें. पण त्या बातमीनें बिब लाटाने आणि जॉन डार्ली या दोन मानसशास्त्रज्ञांस विचारास लावलें. १९६८ सालीं त्यांनीं एक साधा प्रयोग प्रसिद्ध केला. माणसास एका खोलींत कागद भरावयास बसवावयाचें आणि भिंतींतल्या फटींतून हळूहळू धूर सोडावयाचा. एकटा बसलेला असतां शंभरांपैकीं ७५ जण उठून वर्दी देत. तिघे अनोळखी इसम एकत्र बसविले तेव्हां ३८ टक्के गटांतूनच कोणीतरी उठलें. आणि शिकवून ठेवलेले दोघे स्वस्थ बसले असतां त्यांच्या सोबतीस बसलेल्यांपैकीं केवळ १० टक्के उठले. बाकीचे डोळे चोळीत, खोकत, कागद भरीत राहिले! पाहणारे जितके अधिक तितका प्रत्येकाच्या वांट्यास येणारा कर्तव्याचा भार हलका. शिवाय दुसरा शांत आहे त्या अर्थीं भिण्यासारखें कांहीं नसेल, अशीहि समजूत होते, आणि तो दुसरा आपल्याकडे पाहून तीच समजूत करून घेत असतो. बघ्यांच्या गर्दीचा परिणाम म्हणतात तो हाच.

येथें एक इशारा देणें आम्हांस अवश्य वाटतें. माणूसजात निव्वळ बघ्यांची आहे असा निष्कर्ष यांतून कोणी काढूं नये. पुढें ॲम्स्टरडॅम, लँकेस्टर व केपटाउन येथील रस्त्यांवर कॅमेऱ्यांनीं टिपलेल्या २१९ भांडणांचा अभ्यास झाला तेव्हां दहांपैकीं नऊ प्रसंगीं जवळच्या कोणी ना कोणी मध्यें पडल्याचें दिसून आलें. भांडण डोळ्यांसमोर असतें. कोण मारतो, कोण मार खातो, हें स्पष्ट असतें. धूर तसा नसतो. चोपण तर त्याहूनहि नसतें.

आणि हवा? सर्व राष्ट्रांच्या वतीनें हवामानाचा विचार करणारें शास्त्रज्ञांचें मंडळ १९८८ सालीं बसलें. २०१५ त पॅरिसला करार झाला, आणि पूर्वीच्या मानानें पृथ्वीचें तपमान दीड अंशाहून अधिक वाढूं नये म्हणून झटण्याचें ठरलें. २०२४ हें वर्ष ती मर्यादा ओलांडणारें पहिलें वर्ष ठरलें. एका वर्षानें सरासरी मोडत नाहीं, हें खरें. पण पहिल्या उन्हाळ्यांतला पिवळा शेंडा तो हाच. नीरेच्या खोऱ्याचें चित्र येथें पृथ्वीएवढें मोठें झालेलें दिसतें. कोणत्याहि एका चुलीचा, एका मोटारीचा धूर दाखवून, यानेंच हा दुष्काळ आणला असें म्हणतां येत नाहीं. येथेंहि वरचें रान आणि खालचें रान आहे. भारतांतील दरडोई कर्बवायूचें प्रमाण जगाच्या सरासरीच्या निम्म्याहून कमी आहे. पाणी पाजलें दुसऱ्यांनीं आणि मीठ फुटतें आमच्याकडे, ही तक्रार अगदीं रास्त आहे. मात्र ती तोंडीं घेऊन आम्ही पांढरपेशे लोक, ज्यांच्या घरीं वातानुकूलित खोली आहे आणि दारांत मोटार आहे, आपल्याच देशांतल्या कोरडवाहू शेतकऱ्याच्या आड दडूं लागलों तर तो मात्र चलाखीचा वकीली मुद्दा होतो. आपल्या गांवापुरतें पाहिलें तर वरचें रान कोणाचें, हें ओळखावयास फार हुशारी लागत नाहीं.

२०२४ सालींच एका मोठ्या पाहणीचे आंकडे प्रसिद्ध झाले. १२५ देशांतील सुमारें १ लाख ३० हजार लोकांस विचारलें कीं, हवामानासाठीं आपल्या उत्पन्नाचा शेंकडा एक भाग तुम्ही दरमहा द्याल काय? ६९ टक्के लोक हो म्हणाले. मग विचारलें, तुमच्या देशांतले शंभरांपैकीं किती जण असें देतील? त्यांचा अंदाज सरासरीनें ४३ चा. हा जो सव्वीसांचा फरक आहे तो आम्हांस धुराच्या खोलींतल्या त्या स्वस्थ चेहऱ्यांची आठवण देतो. कळकळीचा तुटवडा नाहीं. दुसऱ्याच्या ठिकाणीं ती असेल या विश्वासाचा तुटवडा आहे.

आपल्या घरांतल्या बायकांस हा विषय नवा वाटणार नाहीं. बिरबलाच्या हौदाची गोष्ट सर्वांस ठाऊकच आहे. प्रत्येकानें लोटाभर दूध ओतावयाचें, आणि सकाळीं पाहावें तों हौद पाण्यानें भरलेला. पण आमच्या मतें श्रावणी सोमवारची खुलभर दुधाची कहाणी हिच्याहून खोल जाते. तेथें राजाच्या धाकानें नगरांतलें सारें दूध महादेवाच्या गाभाऱ्यांत ओतलें जातें, मुलें-वासरें तळमळतात, आणि गाभारा भरत नाहीं. तो भरतो कोणाच्या दुधानें? जिनें आधीं घरच्या लेकरांस व वासरांस पाजलें आणि मग उरलेलें खुलभर दूध मनोभावें आणून ओतलें, त्या म्हातारीच्या. हुकुमानें सर्वांकडून ओतवून घेतलें तरी पुरत नाहीं, हें या कहाणीच्या कर्त्यास पक्कें कळलेलें दिसतें. चमत्काराचा भाग सोडला तर एकट्या म्हातारीच्या खुलभर दुधानें गाभारा भरत नाहीं, हें आम्हांसहि कळतें. यासाठींच इतिहासाकडे पुन्हां वळलें पाहिजे.

नीराकांठचे हेच शेतकरी, ज्यांना चराचें तोंड जुळवितां आलें नाहीं, त्यांनीं १९५० नंतरच्या दशकांत सहकारी साखर कारखाने उभे केले. भवानीनगरचा श्री छत्रपति सहकारी साखर कारखाना त्यांपैकींच. गांठीला पैसा नसतां भाग घेतले, सभा भरविल्या, उसाची नोंद केली. तेथें बघ्या कोणी राहिला नाहीं. आम्हांस याचें कारण असें दिसतें कीं, भागाच्या कागदावर प्रत्येकाचें नांव होतें, वजनकांट्यावर प्रत्येकाचा ऊस वेगळा मोजला जात होता, आणि कोणी मागें राहिला तर तें गांवाला कळत होतें. खारवट रानाच्या तोट्यास असा कांटा कोणी लावला नाहीं. कारखान्यानें ऊस वाढविला आणि उसानें चोपण वाढविलें, ही या कथेची दुसरी बाजूहि सांगितली पाहिजे. सहकार म्हटला म्हणजे तो शहाणाच असतो असें नाहीं.

शहाण्या सहकाराचें उदाहरण शेजारच्याच तालुक्यांत घडलें. १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे या पुण्याच्या एंजिनिअरानें पुरंदर तालुक्यांतील नायगांवीं काम आरंभिलें. त्यांतूनच पाणी पंचायत जन्मास आली. तिचे नियम थोडके पण कडक. पाणी जमिनीच्या मापानें नव्हे तर माणसांच्या मापानें. माणशी अर्धा एकर, आणि कुटुंब केवढेंहि असलें तरी अडीच एकरांपलीकडे नाहीं. भूमिहीनासहि वांटा. जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर जावयाचा नाहीं. खर्चाचा पांचवा हिस्सा पाणी घेणारांनीं आधीं घालावयाचा. आणि ऊस करावयाचा नाहीं. या शेवटच्या नियमाची किंमत ज्यानें बारामतीच्या बाजूचा ऊस पाहिला आहे त्यासच कळेल. अशी योजना आपल्याकडे अगदींच अपूर्व होती असेंहि नव्हे. धुळें-नाशिकाकडे पांझरा, मोसम, आराम या नद्यांवरील बंधाऱ्यांखालीं शेंकडों वर्षें फड पद्धति नांदत आली. तेथें पाटकरी, जागल्या, हवालदार अशीं माणसें नेमलेलीं असत, आणि कोणत्या फडांत कोणतें पीक घ्यावयाचें हें सर्वांनीं मिळून ठरवावयाचें असे. पाट फुटला तर तो कोणीं सांधावयाचा हा प्रश्न तेथें निघतच नसे, कारण त्या कामावर माणूस आधींच नेमलेला असे.

याच्या उलट दृश्य दूर जाऊन पाहावें लागत नाहीं. २०२५ च्या मे अखेरीस पावसाळा वेळेआधीं येऊन थडकला. बारामती-इंदापूरकडे ऐन उन्हाळ्याच्या दिवसांत रानें जलमय झालीं आणि नीरा डावा कालवा बारामतीजवळ पिंपळीच्या बाजूस फुटला. एका पावसावरून हवामानबदलाचा निवाडा देणें शास्त्रास धरून होणार नाहीं. पण ज्या कालव्याचीं सारीं गणितें वीस इंची पाऊस व ठराविक ऋतु गृहीत धरून मांडलीं गेलीं, त्याला नवा पाऊस ओळखीचा नाहीं एवढें खास.

आज भवानीनगरच्या शिवारांत या सर्व इतिहासाचा एक छोटा अंक दर हंगामांत चालूं असतो. ऊस तुटून गेला कीं मागें हेक्टरीं आठ-दहा टन पाचट उरतें. तें पेटवून देणें सोपें. एका संध्याकाळीं रान मोकळें होतें आणि खोडव्याची मशागत करावयास बरें पडतें. म्हणून हंगामांत रात्रीं क्षितिजावर जागोजाग जाळ दिसतात. पाचट न जाळतां सरींत दाबून ठेवलें तर पाणी कमी लागतें, मातींत सेंद्रिय अंश राहतो, हें शेतकी खातें वर्षानुवर्षें सांगत आलें आहे आणि शेतकऱ्यांसहि तें पटलेलें आहे. तरी एकटा शेतकरी कचरतो, आणि त्याचें कारण नुसता आळस नव्हे. शेजाऱ्यानें आपलें पाचट पेटविलें आणि वारा सुटला तर याच्या रानांत पसरलेलें कोरडें पाचट आणि त्याबरोबर नुकताच फुटलेला खोडवा दोन्ही जळून जातात. जेथें लागून असलेल्या पांचसात बांधकऱ्यांनीं एकमेकांच्या नांवानिशीं बोलून घेतलेलें असतें, कीं यंदा या पट्ट्यांत काडी लावावयाची नाहीं, तेथें पाचट टिकतें. पाचटाखालीं जमिनीची ओल उन्हानें लवकर उडत नाहीं. आणि ओल उडाली नाहीं म्हणजे खालचे क्षारहि तितक्या वेगानें वर येत नाहींत.